अल्पाकाची वसुबारस

‘जपानमध्ये वाट्टेल ते मिळतं’ हे वाक्य मी आईला फोनवर इतक्या वेळा ऐकवलं होतं, की शेवटी ते तिच्या लक्षात राहिलं. तसं त्यात खोटं काही नव्हतं. आमच्या शेजारच्या निशी-कसाई भागातल्या भारतीय दुकानांत कढीपत्ता मिळतो, गोडा मसाला मिळतो, फ्रीजरमध्ये खोल हात घातला तर गवारसुद्धा सापडते. कोनबिनीत, म्हणजे चोवीस तास उघड्या दुकानात, कधीही जा, छत्री आणि मोजे तयार असतात. एवढ्या भांडवलावर मी आईला तळेगाव दाभाड्याहून हिगाशी-कसाईच्या आमच्या फ्लॅटपर्यंत आणलं. बाबा गेल्यापासून ती तिथे एकटी राहते, आणि ‘माझं इथे काय अडलंय?’ एवढं म्हणून तिने आम्हाला बरीच वर्षं झुलवलं होतं. या खेपेला ती तीन महिन्यांच्या व्हिसावर आली, आणि निदान ही एक दिवाळी सगळ्यांची मिळून होणार म्हणून मी मनातल्या मनात फराळाला सुरुवातही केली.

ऑक्टोबरच्या सुरुवातीला एका सकाळी चहा गाळता गाळता आई म्हणाली, “विशू, इथे गाय कुठे असते रे?”

मला वाटलं दुधाच्या चवीबद्दल तक्रार असेल. मी दुसऱ्या ब्रँडचं नाव सांगितलं.

“दूध नको. गाय पाहिजे. वासरासकट. वसुबारस आलीय.”

वसुबारस म्हणजे दिवाळीचा पहिला दिवस. त्या दिवशी बायका मुलाबाळांसाठी उपास करतात, गहू आणि दूध वर्ज्य करतात, संध्याकाळी गाय-वासराची पूजा करतात आणि मगच बाजरीची भाकरी आणि गवारीची भाजी खातात. माझ्या जन्मापासून आईने ही पूजा कधी चुकवली नव्हती. तळेगावात कोपऱ्यावरच्या गोठ्यात हे काम चपला घालून परत येण्याइतक्या वेळात उरकतं. हिगाशी-कसाईत मात्र आमच्या इमारतीत मांजर पाळायलाही बंदी आहे.

“नसेल इथे तर सांग,” आई अगदी समजूतदारपणे म्हणाली, “मी तिकीट अलीकडचं करून घेते. वसुबारस घरी करते, दिवाळीही घरीच करते. तुझा काही दोष नाही.”

‘तुझा काही दोष नाही’ हे आईने म्हटलं, की शहाण्या माणसाने गप्प बसावं. पण मी एका नामांकित कंपनीत सीनियर सोल्यूशन आर्किटेक्ट आहे. माझ्या हुद्द्यातच सोल्यूशन आहे. “अगं, जपान आहे हे! तुला गाय-वासरू दाखवतो की नाही बघ. शब्द आहे माझा,” असं मी छाती पुढे काढून म्हणालो. आईने मान डोलावली. माझी बायको सुमेधा सिंकपाशी उभी होती, तिने फक्त नळ जोरात सोडला.

ही बातमी संध्याकाळपर्यंत विजयकुमारांकडे पोचली. विजयकुमार आमच्याच मजल्यावर राहतात. ते जपानात इतकी वर्षं आहेत, की कचऱ्याचं वर्गीकरण कसं करावं हे शिकायला जपानी शेजारीसुद्धा त्यांच्याकडे येतात. त्यांच्या प्रत्येक सल्ल्याची सुरुवात ‘जपानमध्ये एक लक्षात ठेव’ अशी होते, आणि सल्ला चुकला तर ‘ते जपान आता राहिलं नाही’ असा त्याचा शेवट होतो.

“जपानमध्ये एक लक्षात ठेव,” ते सोफ्यावर मांडी घालून म्हणाले, “मूळ वस्तू मिळत नसेल तर तिची प्रतिकृती मिळते. मी शंभर येनच्या दुकानातून प्लास्टिकची गाय आणतो.”

“प्लास्टिकला घास भरवू का मी?” आईने विचारलं.

विजयकुमार क्षणभरच डगमगले. “मग कोबे! कोबेला आपले लोक पिढ्यान्‌पिढ्या आहेत. आणि तिथली गाय तर जगप्रसिद्ध आहे.”

“हो? कशासाठी?” आईने कौतुकाने विचारलं.

कोबेचं नाव तिथल्या गोमांसामुळे झालंय, हे मला आणि सुमेधाला चांगलं ठाऊक होतं. सुमेधाने विजयकुमारांच्या हातातली चिवड्याची वाटी काढून घेतली आणि त्यांना दारापर्यंत सोडून आली. जाताना ते माझ्या हातात एक पिशवी देऊन गेले. त्यात बॅटरीवर लुकलुकणारी मेणबत्ती होती. “निरांजन,” ते हळूच म्हणाले, “कुठेही आग लावायला परवानगी नसते.” आईने ती बघितली आणि खेळण्यांच्या खोक्यात टाकायला सांगितली.

दुसऱ्या दिवसापासून मी दुग्धशाळांना फोन करायला लागलो. इथे एक सांगितलं पाहिजे. जपानी माणूस ‘नाही’ म्हणत नाही. तो दातांतून हवा आत ओढतो, ‘जरा…’ म्हणतो आणि वाक्य तिथेच सोडून देतो. ते वाक्य पुढे कधीच जात नाही. वाट बघत बसायचं नसतं, आभार मानून फोन ठेवायचा असतो. मला हे कळायला बरीच वर्षं लागली आणि त्या काळात मी अनेक फोनवर नुसताच थांबून राहिलेलो आहे.

त्या आठवड्यात मी इतके ‘जरा’ ऐकले, की पुढचं सगळं मीच म्हणू शकलो असतो. बाहेरच्या माणसांना गोठ्यात येऊ देत नाहीत, रोगराईची भीती असते. गाय लांबून बघता येईल. वासरूही लांबून बघता येईल. पण दोघं एकत्र? फोनवरच्या गृहस्थांना माझा प्रश्नच कळेना. वासरू जन्मलं की त्याला लगेच वेगळं ठेवतात, त्यांनी मला सावकाश, लहान मुलाला सांगावं तसं सांगितलं.

मी ते आईला सांगितलं. “मग वासरं दूध कुणाचं पितात?” तिने विचारलं.

“बाटलीने पाजतात.”

 दुपारी आईने कोरा चहा केला आणि तोही अर्धा ठेवला.

अखेर इंटरनेटवर मला एक फार्म सापडलं. हिरवं कुरण, काळीभोर गाय, तिला बिलगलेलं वासरू. मी विजयी मुद्रेने लॅपटॉप आईसमोर ठेवला. आईने हात जोडले. मग ती हौसेने पान खाली सरकवत गेली. खाली त्या फार्मचंच उपाहारगृह होतं, त्याचा मेनू होता, आणि जेवणाच्या थाळीचे फोटो फारच स्पष्ट होते. जपानी फोटोग्राफर आपलं काम मन लावून करतात.

आईने लॅपटॉप मिटला. “विशू,” ती म्हणाली, “शनिवारचं विमान असतं का रे पुण्याला?”

त्या वर्षी वसुबारस शुक्रवारी होती. म्हणजे गाय मिळो न मिळो, वसुबारस इथेच जाणार हे आता ठरलं होतं. ती पार पडली नाही तर दुसऱ्या दिवशी आई निघणार आणि उरलेली दिवाळी तळेगावच्या बंद घराचं कुलूप काढून एकटीने करणार. मला रडू आलं असं मी म्हणणार नाही. पण मी बाल्कनीत जाऊन विनाकारण कुंड्यांना पाणी घातलं.

तोडगा काढला तो सुमेधाने. ती आठवड्यातून काही दिवस एका शिवणकामाच्या दुकानात आरुबाइतो, म्हणजे अर्धवेळ नोकरी करते. तिथे लोकरीचा माल पुरवणारं एक फार्म होतं, चिबा प्रांताच्या टेकड्यांमध्ये. “तिथे गाय नाही,” ती म्हणाली, “अल्पाका आणि लामा आहेत. पेरू देशातून आलेल्या एक बाई तिथे मागावर त्यांच्याकडचं पारंपरिक विणकाम शिकवतात. पण आई, तिथल्या एका अल्पाकाला पिल्लू झालंय, आणि ते आईजवळच असतं. आईचंच दूध पितं.”

आईने फोटो बघितला. अल्पाका म्हणजे उंट लहानपणीच थांबला आणि त्याला कुणी लोकरीची टोपी घातली, असा काहीसा प्राणी. “ही गाय नाही,” आई म्हणाली.

“गुरुजींना विचारू,” सुमेधा म्हणाली, आणि तिने तळेगावच्या गुरुजींना व्हिडिओ कॉल लावला. गुरुजींनी चष्मा कपाळावर चढवून फोटो पाहिला.

“रवंथ करते का?”

“करते असं वाचलंय,” मी म्हणालो.

“खूर दुभंगलेले?”

“पायाला दोन बोटं आहेत.”

“शिंगं?”

“नाहीत.”

चष्म्यासकट गुरुजी पडद्यावर थिजले. मला वाटलं नेटवर्क गेलं. मग गुरुजी म्हणाले, “पिल्लाला स्वतः पाजते का?”

“हो,” सुमेधा म्हणाली.

“मग शिंगांचं काही एवढं नाही. वहिनी, सवत्स आहे ना, बिनदिक्कत करा.”

आईने गुरुजींना नमस्कार केला आणि बाजरीचं पीठ भिजवायला कितपत लागेल याचा अंदाज घ्यायला उठली. मी रजेच्या मागे लागलो. आमचे साहेब हिरायामा-सान फार सज्जन. रजेचं कारण विचारायचं नसतं, पण त्यांनी चेहऱ्यानेच विचारलं आणि मी गडबडीत खरं सांगून टाकलं. संध्याकाळी टीमच्या कॅलेंडरवर ‘विश्वनाथ-सान : गाय’ अशी नोंद होती. दोन दिवसांनी मी जाऊन दुरुस्ती सांगितल्यावर ती ‘विश्वनाथ-सान : अल्पाका’ अशी झाली. कुणी हसलं नाही. लिफ्टमध्ये मात्र अनोळखी लोक मला ‘गाम्बात्ते’, म्हणजे नेट लावा, असं म्हणायला लागले.

शुक्रवारी आम्ही चौघं निघालो. चौथी म्हणजे आमची नुपूर. तिला शाळेला दांडी मारायला मिळाली म्हणून ती खूश होती. नुपूरला मराठी कळतं सगळं, पण आपण मराठीत विचारायचं आणि तिने जपानीत उत्तर द्यायचं, असा आमच्या घरचा करार आहे. त्यामुळे आजी आणि नात यांचं संभाषण एरवी खाऊ आणि मान डोलावणं यावरच चाले. आई म्हणायची, “गोड आहे गं पोर. पण मी हिच्याशी बोलायचं कसं?”

आईने इरकली नेसली होती, वर माझं जाड जॅकेट. मांडीवर पितळी ताट, कापडात बांधलेलं. मला पिस्त्याच्या रंगाचा रेशमी कुर्ता घालावा लागला, कारण सण होता आणि शब्द माझा होता. गाडीत समोरचे आजोबा माझ्या कुर्त्याकडे इतक्या आदराने बघत होते, की मी एखाद्या छोट्या देशाचा राजदूत आहे असा त्यांचा समज झाला असावा. एक गाडी, मग एकाच डब्याची लहानशी गाडी, मग तासाला एक येणारी बस. ती आमच्यासमोरून गेली, म्हणून पुढची. फार्मवर पोचलो तेव्हा उन्हं कलायला आली होती आणि फार्म लवकरच बंद होणार होतं. मला त्याची काळजी वाटली, आईला नाही. तिच्या मते पूजा दिवेलागणीलाच असते, त्यामुळे आपण अगदी वेळेवर होतो.

दारातच एक फलक होता. नुपूरने तो मोठ्याने वाचला. बाहेरचं खाणं देऊ नये. आग पेटवू नये. प्राण्यांना रंग किंवा पावडर लावू नये. मोठा आवाज करू नये. आईच्या ताटात गूळ-भाकरीचा नैवेद्य, निरांजन, हळदकुंकू आणि घंटी होती. फलक लिहिणाऱ्याने आईचं ताट बघूनच तो लिहिला असावा.

टोपी घातलेल्या एक बाई तिथे देखरेखीला होत्या. मी त्यांना माझ्या सर्वोत्तम जपानीत सगळं समजावून सांगितलं : आई, उपास, पिल्लू, मुलांचं कल्याण. त्यांनी कमरेत वाकून ऐकून घेतलं, दातांतून हवा ओढली आणि म्हणाल्या, “जरा…”

कुंपणापलीकडे ती दोघं उभी होती. अल्पाकाचं नाव मोमो, पिल्लाचं किनाको. किनाको म्हणजे भाजलेल्या सोयाबीनचं पीठ. पिल्लू खरोखरच त्या रंगाचं होतं आणि मोमोच्या पोटाखाली तोंड खुपसून ढुशा देत होतं. आई कुंपणाला धरून बघत राहिली. “अगदी तसंच करतंय गं,” ती सुमेधाला म्हणाली. “अगदी तसंच.”

मी फलक पुन्हा वाचला. त्यात हाराचा उल्लेख नव्हता. कायद्यातली पळवाट शोधणं हे आम्हा आर्किटेक्ट लोकांचं रोजचं काम. मी झेंडूचा हार काढला आणि कुंपणाच्या कडेने मोमोकडे सरकलो. मधल्या आवारात दाइचि नावाचा लामा होता. लामा अल्पाकापेक्षा उंच असतो, कान लांब असतात, आणि चेहऱ्यावर ऑडिटला आलेल्या माणसाचा भाव असतो. दाइचिने मान लांब केली आणि हाराचं एक टोक तोंडात घेतलं.

शहाण्या माणसाने हार सोडून दिला असता. पण तो हार सुमेधाने सकाळी उठून ओवला होता, झेंडू मिळवायला तिने कुणाकुणाच्या बाल्कन्या पालथ्या घातल्या होत्या, आणि बघणाऱ्यांत माझी मुलगी होती. मी ओढला. दाइचिने ओढला. ध्वनिक्षेपकावरून अत्यंत मृदू आवाजात विनंती झाली, की हिरव्या पोशाखातील पाहुण्यांनी कृपया लामाशी रस्सीखेच करू नये. ते ऐकून मी मान वळवली, आणि दाइचिने तोंडातला ऐवज माझ्या अंगावर उडवला. लामा थुंकतो हे मी वाचलं होतं. तो अर्धवट पचलेल्या गवतासकट थुंकतो आणि त्याला वास येतो, हे त्या लेखात नव्हतं. कुर्ता पिस्ता रंगाचा असल्याने रंग फारसा वेगळा दिसला नाही, एवढीच काय ती मेहेरबानी.

नुपूर हसून हसून खाली बसली. त्याच वेळी जपानात सगळीकडे बंद व्हायच्या वेळी वाजते ती करुण धून वाजायला लागली, आणि टोपीवाल्या बाई हळूच फाटकापाशी जाऊन उभ्या राहिल्या.

आई चिडली असती तर मला बरं वाटलं असतं. तिने ताटावर पुन्हा कापड टाकलं, गाठ मारली आणि म्हणाली, “असू दे विशू. इतकी धडपड केलीस. तुझा काही दोष नाही. चल, मी उद्या निघते.” सकाळपासून पोटात पाण्याशिवाय काही नव्हतं, तरी आवाज अगदी शांत होता. मला एवढी लाज आयुष्यात कधी वाटली नव्हती, आणि ती कुर्त्याची नव्हती.

तेवढ्यात बाजूच्या लाकडी शेडमधून एक ठेंगण्या बाई ओलं फडकं घेऊन बाहेर आल्या. दोन वेण्या, रंगीत पट्ट्यांची शाल. याच त्या विणकाम शिकवणाऱ्या बाई, सातुरनिना-सान. त्यांनी माझ्या हातात फडकं कोंबलं, कारण दाइचिची गिऱ्हाइकं त्यांच्या सवयीची होती. मग त्यांची नजर आईच्या हातातल्या गाठोड्याकडे गेली. त्यात काय आहे, असं त्यांनी जपानीत विचारलं. मी तोंड उघडणार, तर नुपूरच बोलायला लागली. भराभरा, हातवारे करत, आजीकडे बोट दाखवत, मग मोमोकडे, मग माझ्याकडे. सातुरनिना-सान ऐकता ऐकता गंभीर झाल्या. मग त्याही बोलल्या, सावकाश, थांबत थांबत. ते जपानी त्यांचंही आपलं नव्हतं.

नुपूर आजीकडे वळली. आणि मराठीत म्हणाली, “आजी, ती सांगते… तिच्या गावात पण असा दिवस असतो. डोंगरात. लामाला, अल्पाकाला सगळे सजवतात. कानाला लोकरचे… फुलं बांधतात. लाल, पिवळं. आणि जमिनीला सांगतात, यांना ठीक ठेव. पिल्लं खूप होऊ दे. ती म्हणते, इथे आल्यापासून ती एकटीच करते. कोणी विचारत नाही, ते काय आहे.”

आमच्या घरचा करार मोडला होता आणि हे कुणाच्या लक्षातही आलं नव्हतं. आईच्या आलं होतं. तिने नुपूरच्या डोक्यावर हात ठेवला आणि तो तसाच राहू दिला.

सातुरनिना-सान आत जाऊन लोकरीच्या लडी घेऊन आल्या. आईने त्यांच्या हातातून न विचारता दोन उचलल्या, एक लाल आणि एक पिवळी. “हे कुंकू,” ती म्हणाली, “आणि ही हळद. रंग लावायचा नाही ना? लावत नाही. बांधते.”

सातुरनिना-सान टोपीवाल्या बाईंकडे गेल्या आणि काहीतरी कुजबुजल्या. बाईंनी घड्याळ बघितलं, दातांतून हवा ओढली. “जरा…” त्या म्हणाल्या. मी सवयीने मान खाली घातली. आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदाच ते वाक्य पुढे गेलं. “जरा घाई करा,” त्या म्हणाल्या आणि त्यांनी फाटक उघडलं.

मग मात्र सगळं पटापट झालं. दोघींनी मिळून लाल-पिवळे गोंडे वळले. आईने एक मोमोच्या गळपट्ट्याला बांधला, एक इवलासा किनाकोच्या. नैवेद्य म्हणून फार्मच्या यंत्रातून कपभर खाद्य काढलं आणि ते पितळी ताटात ओतलं. मोमोने ते आवाज करत संपवलं, आई म्हणाली हिच्या तोंडाला चव आहे. घंटी नुपूरने मुठीत धरून अगदी हळू वाजवली. निरांजनाशी आल्यावर आई थांबली. आग चालत नव्हती. सुमेधाने पिशवीत हात घातला आणि खेळण्यांच्या खोक्यातली विजयकुमारांची बॅटरीवरची मेणबत्ती काढून ताटात ठेवली. ती लुकलुकायला लागली. आईने तिच्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. “त्यांना उद्या फराळाला बोलवा,” ती म्हणाली आणि मोमोला ओवाळलं.

किनाकोला ओवाळून झाल्यावर ती वळली. “ये इकडे.”

“मी?”

“मग कुणासाठी करते मी हे सगळं?”

मी पुढे झालो. माझ्या डोक्यावरचे केस विरळ झालेत, मला गुडघ्याची कुरकुर आहे, माझ्या हाताखाली टीम आहे, आणि त्या क्षणी माझ्या अंगाला अर्धवट पचलेल्या गवताचा वास येत होता. आईने मला ओवाळलं, कानशिलांवरून बोटं फिरवून कडाकडा मोडली आणि म्हणाली, “मोठा हो.” मी हसणार होतो, पण मला ते जमलं नाही. आयुष्यभर दर वर्षी ती कोपऱ्यावरच्या गोठ्यात जाऊन माझ्यासाठी हे मागत होती आणि मी त्या वेळी कुठल्या ना कुठल्या मीटिंगमध्ये होतो. सुमेधाने मला फडकं दिलं. मी ते डोळ्यांना लावलं आणि लगेच पस्तावलो, कारण ते आधीचंच फडकं होतं.

उपास सोडला तो विणकामाच्या शेडमध्ये. बाजरीची भाकरी, गवारीची भाजी, लसणाची चटणी. सातुरनिना-सान भाकरीचा तुकडा मोडून भाजीला लावून खात होत्या. त्यांना कुणी शिकवावं लागलं नाही. आईने त्यांचं सातूबाई करून टाकलं होतं. जेवण झाल्यावर तिने मागाकडे बोट दाखवलं. तो माग म्हणजे काही काठ्या आणि धागे : एक टोक खांबाला बांधायचं, दुसरं पट्ट्याने आपल्या कमरेला, आणि जमिनीवर बसून मागे रेलायचं की धागे ताणले जातात. आईने कमरेला पट्टा बांधला, पाय लांब केले आणि बसली. “सोसायटीतल्या योगाच्या वर्गापेक्षा हे बरं,” ती म्हणाली. टोपीवाल्या बाई दुसऱ्यांदा घड्याळ बघून गेल्या, तेव्हा तिने विणायला घेतलेला पट्टा वीतभरही झाला नव्हता.

“अर्धवट टाकून जाऊ नये,” आई बसमध्ये म्हणाली, कुणालाच उद्देशून नाही. “शनिवारचं राहू दे.”

मग दर रविवारी चिबाच्या टेकड्या सुरू झाल्या. आधी मी सोबत जायचो, मग सुमेधा, शेवटी नुपूरच आजीला घेऊन जायला लागली. दोघी गाडीत काय बोलतात हे आम्हाला कुणी सांगत नाही. नुपूर घरी आली की ‘आजी म्हणाली’ असं सुरू करते आणि ते मराठीत असतं, त्यात सातूबाईंची एक शिवीही असावी असा मला संशय आहे. पट्टा वाढत होता : लाल, पिवळा, मध्ये किनाकोचा रंग. विजयकुमार फराळाला आले आणि ‘जपानमध्ये एक लक्षात ठेव’ म्हणत त्या पट्ट्याची प्रदर्शनं कुठे कुठे भरवता येतील ते सांगून गेले.

व्हिसा संपण्याआधीच्या शेवटच्या रविवारी आम्ही सगळेच गेलो. पट्टा त्या दिवशी पुरा होणार होता. मागच्या खेपेला टोकाला हातभरच उरला होता, दोघींना आणायला गेलो तेव्हा मी स्वतः पाहिलं होतं. आई कमरेला माग बांधून बसली होती. मी कौतुकाने वाकून बघितलं. विणलेला भाग मागच्या रविवारपेक्षा चांगला वीतभर आखूड होता.

“आई, हा कमी कसा झाला?”

“चुकलं होतं. उसवलं,” आई म्हणाली. तिने मान वर केली नाही. “आता काही तो या खेपेला पुरा होत नाही.”

आईच्या हातून काही चुकलं, असं तिच्या तोंडून मी जन्मात पहिल्यांदाच ऐकत होतो. मी सातूबाईंकडे बघितलं. सातूबाई मोमोकडे बघत होत्या. नुपूर मात्र माझ्याकडेच बघत होती, आणि तिने तोंडावर बोट ठेवलं.

सोमवारी ऑफिसात गेल्या गेल्या मी पुढच्या वसुबारसेची रजा मागितली. कॅलेंडरवर नोंद हिरायामा-सानांनी स्वतःच केली, आणि कारण काय लिहू असं त्यांनी मला विचारलंही नाही.